मोकळ्या जागा

ताई : परत लावा. पहिल्यापासून नको. 'मी कप उचलते' तिथून.

धाकटा : अजून कितीदा ऐकणार आहेस, ताई?

उस्ताद : ऐकू द्या हो, डायरेक्टर. स्वतःचा आवाज मोठ्या स्पीकरवर ऐकायला कोणाला आवडत नाही? आणि ताई, तुमचा आवाज मी असा घासूनपुसून ठेवलाय की नवं भांडं बघावं. हे घ्या, लावतो.

ताई : थांबवा. हे मागे कुजबुजतायत ते कोण?

धाकटा : ते तुझे आवाज.

ताई : माझे?

धाकटा : म्हणजे तुला जे ऐकू येतात ते. नाटकाच्या क्लासची मुलं बोलावली होती. याच खोलीत, काचेपलीकडे बसून केलं त्यांनी. फार मन लावून केलं गं.

ताई : ते कळतंय. त्यातली एक मुलगी मला अशी हाका मारतेय जशी मी विहिरीत पडलेय. धाकट्या, माझ्या डोक्यात इतकी नाटकी माणसं असती, तर मी तिकीट लावलं असतं.

उस्ताद : तिकीट. हे बरंय.

ताई : बरं, आणि माझी कविता कुठाय?

धाकटा : हीच की. तुझ्याच आवाजात. एक शब्द इकडचा तिकडे केलेला नाही.

ताई : शब्द आहेत. मी विचारतेय, कविता कुठाय. इथे मी म्हणते 'मी कप उचलते', आणि श्वाससुद्धा न घेता म्हणते 'त्यात चहा आहे'. मी असं वाचलं नव्हतं. मधे थांबले होते.

उस्ताद : ते होय. त्याचं श्रेय या गरिबाला द्या. काय आहे ना ताई, तुम्ही पडल्या नवख्या. प्रत्येक ओळीनंतर अडकत होतात. माइक समोर आला की भल्याभल्यांची बोबडी वळते, त्यात लाजायचं कारण नाही. मी बसून एकेक मोकळी जागा हुडकली, कापली, आणि अशी जोडली की शिवण शोधून सापडणार नाही.

ताई : सगळ्या काढल्यात?

उस्ताद : औषधाला एक ठेवली नाही.

ताई : अहो, तीच तर कविता होती.

धाकटा : म्हणजे काय?

ताई : सांगते. मी ग्रंथालयात मुलांना गोष्ट वाचून दाखवते ना, तेव्हा एक पान वाचते, मग पुस्तक त्यांच्याकडे फिरवून चित्र दाखवते. मगच पुढचं पान. कधी घाईत चित्र दाखवायचं राहिलं तर मुलं खवळतात. म्हणतात, तुम्ही अर्धीच गोष्ट सांगताय. इथेही तसंच आहे. मी माझी ओळ म्हणते. मग तो बोलतो. त्याचं झालं की माझी पुढची ओळ.

उस्ताद : तो कोण?

ताई : बातमीदार. कवितेचं नावच ते आहे. मी काय करतेय ते तो सांगत असतो. 'तिने कप उचलला. आता ती पिईल.' कधी माझीच ओळ माझ्यामागून म्हणतो. त्याचं संपायच्या आत मी पुढे गेले तर दोन्ही एकमेकांवर चढतात, आणि त्यातली माझी कोणती ते मलाच कळेनासं होतं. म्हणून थांबते. लिहितानाही मी एक ओळ माझी लिहिली आणि एक कोरी सोडली. कोरी त्याची.

उस्ताद : आत्ताही बोलतोय?

ताई : बोलतोय की. 'याने विचारलं' म्हणाला. घाबरू नका, तुमच्याकडे तो फारसं लक्ष देत नाही.

धाकटा : ताई, सकाळची गोळी घेतलीस ना?

ताई : घेतली. रोज घेते, पुढेही घेणार. गोळीमुळे तो जरा लांब बसतो, मला झोपू देतो, हे काय थोडं झालं? पण गेलेला नाही. आणि एक आज सांगूनच टाकते. मी रागावले की घरात सगळ्यांना गोळी आठवते. आई होती तोवर तिला आठवायची, आता तुला. हा राग आजाराचा नाही, धाकट्या. माझा स्वतःचा आहे, आणि त्याचं कारण समोर पडद्यावर आहे.

धाकटा : बरं, चुकलं माझं. पण माझंही ऐक. संध्याकाळी सिनेमाची प्रत महोत्सवाला पोचवायचीय. महोत्सवाच्या बाईंनी आधीची प्रत बघितली होती, त्यात कुजबूज नव्हती, काही नव्हतं. बाई म्हणाल्या, छान आहे, पण बघणाऱ्याच्या अंगावर काटा येत नाही. म्हणाल्या, लोक घाबरल्याशिवाय त्यांना हा आजार कळायचा नाही. तेवढं जमवा, उद्घाटनाच्या खेळाला लावते. ताई, उद्घाटनाला. इतकी वर्षं मी दुसऱ्यांच्या लग्नाचे व्हिडिओ काढतोय.

ताई : म्हणून सिनेमात आरसा फोडलास.

धाकटा : ते प्रतीक आहे. दुभंगलेलं मन...

ताई : माझं मन दुभंगलेलं नाही. हे लोकांना समजावता समजावता आमच्या डॉक्टरबाई म्हाताऱ्या झाल्या, आणि तू सख्खा भाऊ असून आरसा फोडतोस. शेवटी तर काय, नायिकेने गोळी घेतली की पडदा सरकतो आणि खोलीभर ऊन येतं. गोळी घेतल्यावर मला तहान लागते. सूर्य उगवत नाही.

उस्ताद : ऊन मात्र झकास पडलंय त्या शॉटमध्ये.

ताई : पडलंय खरं. ते राहू दे. मला आवडलं.

धाकटा : तुला वाटतं मी हे सगळं त्या बाईंसाठी केलं. नाही. मी लहान होतो, तुझ्या खोलीच्या दाराबाहेर बसायचो. तू आत बोलत असायचीस. मला वाटायचं, आत कोणीतरी आहे, कधीतरी दार उघडेल आणि तो बाहेर येईल. आई म्हणायची, शाळेत सांगू नकोस, काकाला सांगू नकोस, कोणालाच सांगू नकोस. मी ऐकलं ते असंच होतं. पुटपुट, कुजबूज, मधेच हसू. मी पदरचं काही घातलेलं नाही.

ताई : नाही घातलंस. तू तिथे बसायचास ते मला माहीत होतं. दाराखालच्या फटीतून तुझ्या पायांची सावली यायची. तू ऐकलंस ते खरंच होतं. पण बाळा, ते माझं पुटपुटणं होतं. त्याला दिलेली उत्तरं. तो कधी कुजबुजला नाही. तो स्वच्छ बोलतो, शांत बोलतो, एखादा कारकून बोलेल तसा. भीती वाटते ती त्याचीच. ओरडला असता तर मी निदान ओरडून गप्प तरी केला असता.

धाकटा : मग माझं चुकलं कुठे?

ताई : नावात. तू दाराबाहेरचा सिनेमा काढलायस, आणि चांगला काढलायस, पण नाव दिलंयस 'आतून'. एवढंच कर. नाव बदल, 'दाराबाहेर' ठेव, माझी कविता काढून घे, आणि ती मुलं खुशाल कुजबुजू देत. मी पहिल्या रांगेत बसून टाळ्या वाजवीन.

धाकटा : 'दाराबाहेर' बघायला कोण कुत्रं येणार?

ताई : हेच म्हणतेय मी. आत डोकवायची सगळ्यांना हौस. आत मी आहे, ते मात्र कोणाला नको. त्यांना भूत हवंय. मी काही भूत नाही. मी आठवड्यातून चार दुपारी मुलांना गोष्टी वाचून दाखवते, माझं वीजबिल वेळेवर भरते, आणि मला ऐकू येतं. तिन्ही खरं आहे.

उस्ताद : मुलांना माहीत आहे हे?

ताई : मोठ्यांना लपवून ठेवायची सवय. मुलांनी विचारलं, मी सांगितलं. एका मुलीने लगेच विचारलं, तुम्ही वाचता ती गोष्ट त्यालाही आवडते का? मी म्हटलं, आवडते, पण मेला शेवट आधी सांगतो. तिला त्याचा फार राग आला. पुढच्या वेळी आली ती म्हणाली, आज आपण त्याने न वाचलेलं पुस्तक घेऊ. तुमच्या त्या महोत्सवाच्या बाईंना तिच्याशेजारी बसवायला हवं.

धाकटा : ताई, गोष्टी नकोत. मुद्द्याचं बोल. तुला नक्की काय हवंय?

ताई : मोकळ्या जागा. जिथे होत्या तिथे, जेवढ्या होत्या तेवढ्या. आणि त्यांच्याखाली कुजबूज नको, वाजवणं नको, काही नको. हे होणार नसेल तर माझा आवाज मी परत मागतेय. आत्ता, प्रत जायच्या आत.

उस्ताद : पण नुसत्या मोकळ्या? धंद्यातला माणूस म्हणून सांगतो ताई, लोकांना वाटेल मशीन बिघडलं. थिएटरात शांतता म्हणजे खोकल्याला आमंत्रण.

ताई : खोकू देत.

धाकटा : मधला मार्ग काढू. कुजबूज काढतो. त्या जागांत एकच आवाज घेऊ, चांगल्या नटाचा. तू म्हणतेस तसा, शांत. तू शिकव त्याला.

ताई : मग लोक म्हणतील, अच्छा, असा असतो होय, आणि चपला घालून घरी जातील. जागा मोकळी राहिली तर शोधत बसतील, इथे कोण बोललं म्हणून.

धाकटा : मला नाही पटत.

ताई : नसेल पटत. मुलांना पटलं नाही की मी वाद घालत नाही, खेळ घेते. कर एक काम. आत जा, माइकसमोर बस आणि माझी कविता वाच. सरळ, चुका न करता. उस्ताद, तुम्ही याच्या मागे खुर्ची घ्या, अगदी कानाशी. याने ओळ म्हटली की तुम्ही बोलायचं. ओरडायचं नाही, घोगरा आवाज काढायचा नाही. रेल्वेस्टेशनवर गाडीची सूचना देतात, तसं. जे दिसेल ते सांगायचं. आणि अधूनमधून याच्या मनात काय चाललं असेल, तेही.

उस्ताद : मला काय ठाऊक याच्या मनातलं?

ताई : त्याला तरी कुठे ठाऊक असतं. हाती लागेल ते बोला. आणि धाकट्या, सोसलं नाही तर हात वर कर. तेवढी सोय तुला आहे.

(धाकटा माइकसमोर बसतो. उस्ताद रेकॉर्डिंग सुरू करून त्याच्यामागे खुर्ची ओढतो. ताई काचेशी उभी.)

धाकटा : 'मी कप उचलते.'

उस्ताद : त्याने कागद धरला.

धाकटा : 'त्यात चहा आहे.'

उस्ताद : हात हलतोय. डावा.

धाकटा : उस्ताद, जरा हळू.

ताई : हळूच बोलतायत ते. वाच तू.

धाकटा : 'मला माहीत आहे. मी खिडकी...'

उस्ताद : खिडकी म्हणाला. उघडते म्हणायचं राहिलं.

धाकटा : '...उघडते. खाली माणसं जातायत.'

उस्ताद : चष्मा वर केला. बहीण बघतेय त्याच्याकडे.

धाकटा : 'त्यांतलं कोणी...'

उस्ताद : कविता बहिणीची. आजार बहिणीचा. लोक तेवढंच लक्षात ठेवतील. यात ह्याचं काय, असं विचारतील.

धाकटा : 'त्यांतलं...'

उस्ताद : ह्यालाही तेच वाटतंय.

धाकटा : '...कोणी माझ्याबद्दल बोलत नाही.'

उस्ताद : पुढची ओळ हरवली. बोटाने शोधतोय.

धाकटा : 'हे मी रोज पाठ करते, पाढ्यासारखं.' बास. हात वर केलाय मी. बास, उस्ताद.

ताई : बाहेर ये. पाणी पी आधी.

उस्ताद : डायरेक्टर, राग मानू नका. ताईंनी सांगितलं म्हणून आपलं तोंडाला येईल ते...

ताई : माफी मागू नका. बातमीदार मागत नाही.

धाकटा : तुम्हाला कसं कळलं ते? मी कोणाला बोललो नव्हतो.

उस्ताद : आईशप्पथ, मला काही कळलेलं नाही. डोळ्यांसमोर जे आलं ते बोललो.

ताई : तोही तेच करतो. जवळ पडलेलं उचलतो आणि आपल्याला वाटतं, याला सगळं ठाऊक आहे. आता ते लावा, उस्ताद. तुमचा आवाज वगळून, नुसता याचा.

उस्ताद : माझा जेमतेमच आलाय, गाळतो. हं. घ्या.

धाकटा : हा मी आहे?

उस्ताद : तुम्हीच. आणि ही पडद्यावरची रेघ बघा. आवाज, मग सपाट. आवाज, मग सपाट. ताईंच्या रेकॉर्डिंगची मूळ पट्टी अशीच होती. मी म्हटलं होतं नवख्या आहेत. तुम्ही तर या धंद्यातले.

ताई : पुढे म्हणा.

उस्ताद : पुढे काय म्हणू? मी भाषणाची कविता केली असं समजत होतो. कान माझे, आणि ऐकू तुम्हाला येतं.

धाकटा : ताई, मला त्या सपाट जागेत सगळं ऐकू येतंय. 'डावा' म्हणाले, ते इथे. पण मी तिथे बसलो होतो म्हणून. बघणाऱ्याला काय कळणार?

ताई : एवढं कळेल की बाई कोणाचं तरी बोलणं संपायची वाट बघतेय. कोणाचं, ते नाही कळणार. मग बघणाऱ्याला खुर्चीत बसवणार नाही. नसू दे बसवत. आयुष्यभर मी लोकांना बरं वाटावं म्हणून ऐकू येत नसल्यासारखी वागले. भाजी घेताना, बँकेत, नातेवाइकांत. आता सिनेमा संपेपर्यंत त्यांनी माझ्यासाठी एवढं करावं.

धाकटा : उद्घाटन जाईल.

ताई : जाईल कदाचित. ते तुझं आहे, मी तुला सोड म्हणणार नाही. नुसतं माझं काय ते सांगितलं.

धाकटा : फोन दे इकडे. हॅलो, बाई? हो, प्रत संध्याकाळी येतेय. एक बदल आहे. कुजबूज काढलीय. आरसाही काढतोय. नाही, त्या जागी काही नाही. काही नाही म्हणजे काही नाही, शांतता. चूक नाही, तशीच आहे ती. हो, समोर बसलीय. नाही, बरी आहे. रागावलीय आणि बरी आहे. काय म्हणालात? समजावू? समजावणं झालं, बाई. तिने मला समजावलं. ठीक आहे. नाही, मला कळतंय. त्याला माझी ना नाही. ठेवतो.

उस्ताद : गेलं?

धाकटा : उद्घाटनाला मैदानी शर्यतींवरचा सिनेमा लावणार. आपला छोट्या हॉलमध्ये, सकाळच्या पहिल्या खेळाला. म्हणाल्या, तिथे फारसं कोणी येत नाही, पण तुमचा हट्टच असेल तर.

ताई : सकाळी येतात ती माणसं निदान जागी असतात. वाईट वाटतंय?

धाकटा : वाटतंय. खोटं कशाला बोलू? पण त्या बाईंनी 'समजावा' म्हटलं ना, तेव्हा आईची आठवण झाली. 'कोणाला सांगू नकोस.' आणि डोकं फिरलं.

ताई : गोळी घेतलीस का?

धाकटा : ताई.

ताई : अरे, एकदा तरी मला विचारू दे की.

धाकटा : उस्ताद, मूळ पट्टी आहे ना? का फेकलीत?

उस्ताद : मी कापतो, डायरेक्टर, फेकत नाही. आमच्या गुरूने पहिल्या दिवशी शिकवलेलं तेवढंच लक्षात राहिलंय. ही बघा. सगळ्या जागा जशाच्या तशा. खाली कुजबूज होती ती उडवली. तुमच्या त्या नाटकवाल्या मुलांना मात्र काय सांगायचं?

ताई : त्यांना पाठवा ग्रंथालयात. राक्षसाच्या गोष्टीला मला आवाज हवेच आहेत. ती विहिरीतली मुलगी तर हवीच.

धाकटा : लावा, उस्ताद. 'तुम्ही म्हणता, आता ती रडेल' तिथून.

उस्ताद : लावतो. 'तुम्ही म्हणता, आता ती रडेल.' ही जागा. 'मी कांदा चिरायला घेते.' ही जागा. बघा, मी आता हसलो, मघाशी नव्हतो हसलो. कापून कापून मी विनोदपण कापला होता.

धाकटा : चालू द्या.

उस्ताद : 'बसा तुम्ही. कुठे जाणार?' जागा. 'पण इथला दिवा मी लावते. मीच मालवते.' झालं. इथे मात्र एक विचारू का, ताई? कविता संपली, आणि मागे ही भलीमोठी सपाट रेघ आहे. सगळ्यात लांब. तुम्ही उठतही नाही, कागदही वाजत नाही. पुढे ओळच नाही तर थांबायचं कशाला? इथे तरी कात्री लावू?

ताई : नको.

धाकटा : इथे तो इतकं काय बोलला?

ताई : काहीच नाही बोलला. रोज त्याचं काहीतरी असतंच. त्या दिवशी दिव्याची ओळ म्हटली, आणि तो गप्प. मला वाटलं, आता बोलेल, मग बोलेल. मी बसून राहिले.

धाकटा : बराच वेळ?

ताई : ऐक की. आहे सगळा त्यात.